गोडी लागेना

शिक्षकांच्या प्रशिक्षणात ‘अभिप्रेरणा’ या विषयाचा तास हमखास असतो, आणि तो हमखास दुपारच्या जेवणानंतर असतो. पडद्यावर मास्लोचा त्रिकोण उमटतो. अब्राहम मास्लो या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानं 1943 साली मांडलेली ही गरजांची उतरंड : तळाला भूक-तहान, मग सुरक्षितता, आपुलकी, मान, आणि पार वर आत्मसिद्धी. समोर बसलेले गुरुजी तेव्हा तळच्या पायरीवर, वरणभाताच्या गुंगीत असतात. उठताना एकच प्रश्न विचारतात, ‘‘सर, पोरांना अभ्यासाची गोडीच नाही, त्याचं काय?’’

हा प्रश्न जालना जिल्ह्यातल्या तीर्थपुरीच्या बाजूच्या गुरुजींनी विचारला, तर ऐकणाऱ्याला हसू आवरत नाही. तीर्थपुरीत साखर कारखाना आहे. समर्थ कारखान्याचं सागर युनिट इथलंच. हंगामात रस्त्यावर ऊस पडलेला असतो, हवेत मळीचा वास असतो, आणि गोडी नाही म्हणे!

तीर्थपुरी हे घनसावंगी तालुक्यातलं बाजाराचं गाव. इकडं अनोळखी पोराला ‘‘तुला काय आवडतं?’’ असं कोणी विचारत नाही. ‘‘कोणाचा रे तू?’’ असं विचारतात. पोरानं बापाचं नाव सांगितलं की आजोबा, चुलते, जमीन, विहीर आणि मागच्या वर्षीचं भांडण एवढं सगळं विचारणाऱ्याच्या ध्यानात येतं. पोरगं अभ्यासाला बसतं तेव्हा ही सगळी मंडळी त्याच्याबरोबर बसलेली असतात. निकालाच्या दिवशी ‘‘किती पडले?’’ हे आधी आत्या विचारते.

‘स्वतःच्या आवडीनं शिका’ हा उपदेश मला म्हणूनच थोडा परगावचा वाटतो. शीना अय्यंगार आणि मार्क लेपर यांचा 1999 साली प्रसिद्ध झालेला एक प्रयोग आहे. सॅन फ्रान्सिस्कोतल्या सात ते नऊ वर्षांच्या मुलांना अक्षरांची कोडी दिली. काहींना स्वतः निवडू दिली, काहींना बाईंनी निवडून दिली, आणि काहींना सांगितलं की ही तुझ्या आईनं निवडली आहेत. गोऱ्या अमेरिकन मुलांनी स्वतः निवडलेल्या कोड्यांत सगळ्यात जास्त जीव लावला. आशियाई घरांतल्या मुलांनी मात्र आईनं निवडलेली कोडी सगळ्यात जास्त सोडवली. यासाठी सॅन फ्रान्सिस्कोला जायची काही गरज नव्हती. तीर्थपुरीच्या कुठल्याही आजीनं सांगितलं असतं, ‘‘माय म्हणली की लेकरू बसतंय. तुमचं कोण ऐकतंय?’’

मायेच्या जोडीला धाक असतोच. शहरातला बाप म्हणतो, ‘‘अभ्यास केला नाहीस तर म्हशी राखायला लागतील.’’ तिथल्या मुलानं म्हैस पुस्तकात पाहिलेली असते, म्हणून तो घाबरतो. इथल्या मुलाचं म्हशीशी बरं चाललेलं असतं. ती पाढे विचारत नाही.

खरी अभिप्रेरणा चौकातल्या फ्लेक्सवर टांगलेली असते. पोलीस भरतीत निवड झालेल्या पोराचा फोटो, वर ‘हार्दिक अभिनंदन’, खाली शुभेच्छुकांची चाळीस नावं आणि सगळ्यांच्या डोळ्यांवर गॉगल. हा फ्लेक्स लागला की दुसऱ्या दिवशी पहाटे डांबरी रस्त्यावर 1600 मीटर पळणाऱ्यांत दोन पोरं वाढतात. गणिताच्या नावानं पोटात दुखणारा मुलगा भरतीसाठी अंकगणित घेऊन अभ्यासिकेत बसतो. गणित तेच, फक्त त्याच्या पलीकडे आता वर्दी दिसते. या शतकाच्या सुरुवातीला अशीच डी.एड.ची लाट होती. घरटी एक गुरुजी व्हायला निघाला, गावोगाव विद्यालयं निघाली. मग शिक्षकांची भरती आटली, आणि शिकवण्याची ती ओढही गुमान आटली. ज्याला आपण मनाचा कल म्हणतो, त्याचा बराचसा भाग जाहिरातीत किती जागा निघाल्या यावर ठरतो.

शाळेत न कळणारं पोर मठ्ठ असतं, हेही मला फारसं पटत नाही. 1931-32 साली लुरिया नावाचा रशियन मानसशास्त्रज्ञ उझबेकिस्तानात गेला होता. तिथल्या निरक्षर शेतकऱ्यांना त्यानं विचारलं : उत्तरेत जिथं बर्फ असतं तिथली अस्वलं पांढरी असतात, नोवाया झेम्ल्या उत्तरेला आहे आणि तिथं बर्फ आहे, तर तिथली अस्वलं कोणत्या रंगाची? उत्तरं अशी आली की आम्ही पाहिलेली नाहीत, ज्यानं पाहिली त्याला विचारा. आपल्याकडच्या पारावर याहून वेगळं उत्तर मिळालं नसतं, फक्त वर चहाचा आग्रह झाला असता. पुस्तकातल्या हौदाला एक नळ भरतो आणि दुसरा रिकामा करतो. शेतकऱ्याचं पोर म्हणतं, आधी खालचा बंद करा की. शिवाय मोटारीला लाईट किती वाजता आली, हे गणितात दिलेलंच नाही. पोरानं विचार केला, पण मार्क शून्य.

आता त्या गोडीकडे येऊ. जायकवाडीचं काम 1965 मध्ये सुरू झालं. पैठणच्या डाव्या कालव्याचं पाणी या भागात आलं आणि पाण्यामागून ऊस आला. पण ऊस तोडायला माणसं लागतात. मराठवाड्यातल्या तांड्या-वाड्यांवरून हजारो जोडपी मुकादमाकडून उचल घेऊन दिवाळीच्या आगेमागे निघतात. नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’. बरोबर लेकरं असतात, कारण मागे ठेवायची कोणाकडे? शाळेचं वर्ष जूनला सुरू होतं आणि कोयत्याचं दिवाळीला. सहामाही संपते न संपते तोच हजेरीपटावर गैरहजेरीच्या खुणा सुरू होतात, त्या गुढीपाडव्यापर्यंत. तिकडे फडात तेच पोर धाकटीला सांभाळतं, वाढे विकतं, मोळ्या मोजतं आणि काट्यावरच्या पावतीतलं वजन बापाला वाचून दाखवतं. परत आल्यावर शेरा मिळतो : ‘अभ्यासात रस नाही.’ रसाचं बोलता? पाच महिने ते रसातच होतं.

आणि मुलींचं? समर्थ रामदासांचं जांब याच घनसावंगी तालुक्यातलं. 1608 साली जन्मलेला ठोसरांचा नारायण बोहल्यावर ‘सावधान’ ऐकून पळाला आणि नाशिकजवळ टाकळीला साधनेला बसला, असं परंपरा सांगते. लग्न टाळून शिकायला गेलेला हा या मुलखातला सगळ्यात नामांकित विद्यार्थी. त्याचं कौतुक साऱ्या महाराष्ट्रानं केलं. आज याच मुलखातल्या नववी-दहावीच्या मुलीला ‘सावधान’ ऐकू आलं तर पळायला जागा नसते. पळाली तर तिच्या नावानं मठ उभा राहत नाही, घराचं नाक कापलं जातं. तिची अभिप्रेरणा मोजायची तर कागद-पेन्सिल नको, एसटीचं वेळापत्रक पाहा. सरकारनं तिला मोफत पास दिला, हे फार मोलाचं झालं. पण संध्याकाळची गाडी आली नाही आणि मुलगी अंधार पडल्यावर घरी पोचली, की दुसऱ्या दिवशी तिच्या शिक्षणावर घरात बैठक बसते. गाडी वेळेवर आली, तर तीच मुलगी घरच्यांच्या मते हुशार असते.

तेव्हा प्रशिक्षणातला त्रिकोण राहू द्या, त्यानं कोणाचं वाईट होत नाही. फक्त एक काम वेळेत करा. दसऱ्याच्या आधी कोणी कोणाकडून उचल घेतली, हे हॉटेलातल्या चहावाल्यापासून सगळ्या गावाला ठाऊक असतं. गुरुजी, शाळा व्यवस्थापन समितीची बैठक तेव्हाच घ्या, आजी-आजोबांना बोलवा, कोणतं लेकरू मागं राहू शकतं ते विचारा, आणि हंगामी वसतिगृहाची यादी तेव्हाच पक्की करा. पोर ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत चढल्यावर करू नका.