उजवी पापणी, डावी पापणी

खराडी-हिंजवडीत बसून अमेरिकेतल्या दवाखान्यांची बिलं लावणाऱ्या पोरांना डोळ्याभोवतीच्या कोडासाठी सात क्रमांक सांभाळावे लागतात. उजवी वरची पापणी एच०२.७३१, खालची ७३२. डावी वरची ७३४, खालची ७३५. पापणी ठाऊक नसेल तर उजव्या डोळ्याला ७३३, डाव्याला ७३६. आणि डोळा कुठला, पापणी कुठली, काहीच ठाऊक नसेल तर ७३९! (मग डॉक्टरांनी पाहिलं तरी काय, हे विचारायचं नाही.) जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगांच्या दहाव्या यादीत मात्र पापणीवरच्या कोडाला एकच घर, एच०२.७.

आमच्या पेठेतल्या स्थळं सुचवणाऱ्या काकू याहूनही काटकसरी. सातही प्रकार त्या ‘पत्रिका जुळत नाही’ या एकाच रकान्यात बसवतात, तेही पत्रिका न उघडता. याच पुण्यात डॉ. माया तुळपुळे यांनी ‘श्वेता असोसिएशन’ उभी केली, सुमित्रा भावे-सुनील सुकथनकरांनी २००६ साली कोड असलेल्या नायिकेवर ‘नितळ’ काढला. काकूंना सिनेमा आवडला. सून म्हणून नको, एवढंच.

कोड स्पर्शाने पसरत नाही, काकू. कोड असलेल्या मुलीने पुढे केलेला चहा निवतोय, घ्या.