काकांची मयसभा

माझ्या काकासासऱ्यांना अमेरिकेत येऊन दीड महिना झाला होता, पण त्यांनी अजून नवीन असं काही पाहिलं नव्हतं. नायगाऱ्यापुढे उभे राहून ते म्हणाले, "गिरसप्पाच की. पाणी जरा जास्त सोडलंय." ग्रँड कॅन्यन म्हणजे गंज चढलेला कोकणकडा. पिझ्झा म्हणजे बिघडलेला उत्तप्पा. जगात जे काही आहे ते मुळात आपल्याकडून गेलेलं, आणि काका म्हणजे पोलीस ठाण्यात मुद्देमाल ओळखायला बोलावलेले फिर्यादी. एकेका वस्तूवर बोट ठेवत जायचे. हे आमचं. हेही आमचंच. याचा फक्त रंग बदललाय.

तसा माणूस सज्जन. घोलवडला चिकूची वाडी. चारचौघांत आवाज चढणार नाही, दुसऱ्याच्या बांधावरचं गवत उपटणार नाहीत. पण घरी रविवारच्या पुरवण्यांच्या कात्रणांनी भरलेली एक पत्र्याची ट्रंक आहे, आणि त्या ट्रंकेत सबंध भूगोल भारताच्या मालकीचा झालेला आहे.

पासपोर्टावर अमेरिकेचा व्हिसा असला की मेक्सिकोला वेगळा लागत नाही, हे कळल्यावर काकू म्हणाल्या, "फुकट आहे तर जाऊन येऊ." म्हणून आम्ही ह्यूस्टनहून कान्कूनला. तिथून एक दिवसाची सहल: चिचेन इत्साचे अवशेष, मग जेवण, मग सेनोते नावाच्या डोहात पोहणं. बायको मुलांना घेऊन हॉटेलच्या समुद्रावर थांबली. तिला आपले काका माहीत होते.

बसमधला गाईड पन्नाशीचा, ठेंगणा, रुंद खांद्यांचा, जातीचा माया माणूस. घरी माया बोलतो, स्पॅनिश शाळेत शिकला आणि इंग्रजी पर्यटकांकडून. दोनेकशे किलोमीटरचा रस्ता, दोन्ही बाजूंना एकसारखं खुरटं जंगल. त्यानं सांगितलं की युकातानच्या या उत्तर भागात जमिनीवर नदीच नाही. सगळा चुनखडीचा दगड, पाऊस पडला की तळाशी जातो. खालच्या पोकळीचं छप्पर कोसळलं की भोक पडतं आणि पाणी दिसतं. तेच सेनोते. अख्खी संस्कृती त्या विहिरींवर जगली. चिचेन म्हणजेच विहिरीचं तोंड, इत्सा लोकांच्या विहिरीचं.

काकांनी माझ्या मांडीवर थाप मारली. "जावईबापू, त्याला विचारा, मयासुर माहीत आहे का?"

जावयाला सासरच्या माणसाचं भाषांतर करावं लागणं, यासारखं अवघड दुखणं नाही. काका सांगत होते की असुरांचा स्थपती जो मय, ज्यानं इंद्रप्रस्थाला पांडवांची मयसभा बांधली, तो पुढे समुद्र ओलांडून इकडे आला, आणि त्याची प्रजा ती ही माया. 'सूर्यसिद्धान्त' हा ग्रंथसुद्धा सूर्याच्या दूतानं मयालाच सांगितलेला, म्हणून तर यांना कालगणना येते. मी इंग्रजीत एवढंच म्हणालो, "आमच्या पुराणात मय नावाचा एक शिल्पकार आहे." मयासुराचं वजन मी निम्म्यावर आणलं होतं.

गाईडचा चेहरा हलला नाही. इतक्या वर्षांत इजिप्तवाले येऊन गेले होते, अटलांटिसवाले येऊन गेले होते, परग्रहवाले तर दर आठवड्याला येतात म्हणे. २०१२ साली जग बुडणार म्हणून आलेल्यांना त्यानं संध्याकाळच्या परतीच्या बसमध्येसुद्धा बसवून दिलं होतं. तो काकांना म्हणाला, "म्हणजे आपण चुलतभाऊ. चुलतभाऊ टिप दुप्पट देतात."

मी याचं भाषांतर केलं नाही.

वाटेत हद्द ओलांडल्यावर घड्याळ तासभर मागे गेलं. कान्कूनचं राज्य वेगळं, वेळ वेगळी. काकांना हा तास फार आवडला. एका तिकिटात एक तास वर.

कुकुलकानच्या पिरॅमिडपुढे मात्र ते खरोखर गप्प झाले. तीसेक मीटर उंच, आणि इतका नीटस की कुणी रात्रीच झाडूनपुसून ठेवलाय असं वाटावं. चार बाजूंना एक्क्याण्णव-एक्क्याण्णव पायऱ्या आणि वरचा चौथरा धरून एकूण तीनशे पासष्ट, वर्षाच्या दिवसांइतक्या. २००६ पासून वर चढायला बंदी आहे. काकांनी गुडघ्यावर हात फिरवत त्याबद्दल तीव्र नाराजी व्यक्त केली.

गाईडनं पायऱ्यांसमोर उभं राहून एक टाळी वाजवली. वरून 'चीऊ' असा घसरत आलेला आवाज. हा केत्सालचा आवाज, माया लोकांच्या पवित्र पक्ष्याचा. मग आमची सगळी तुकडी टाळ्या वाजवू लागली. काकू प्रसाधनगृहातून परत आल्या त्या पदर सावरून, हात जोडूनच. कुठली आरती चाललीय, एवढंच त्यांना कळेना.

"गोलघुमट!" काका म्हणाले. त्यांचा श्वास मोकळा झाला. विजापूर सापडलं होतं.

खरं सांगायचं तर काकांना वेरूळ पुरलं असतं. तिथलं कैलास लेणं आठव्या शतकातलं, या पिरॅमिडच्या आधीचं, आणि वरून खाली कोरत आणलेलं. पण जे कुणीही मान्य करील ते सांगण्यात काकांना गोडी नसते.

चेंडूफळीचं पटांगण झालं. सहाएक मीटर उंचावर भिंतीत बसवलेलं दगडी कडं, त्यातून रबराचा चेंडू कमरेच्या फटक्यानं पार करायचा. हे कशातलं ते काकांना पटकन सुचेना, ते पुढे झाले. वाटेत दुतर्फा विक्रेते. एकजण लाकडी शिट्टीतून वाघाची डरकाळी काढून दाखवत होता. एकजण काकूंना 'ऑलमोस्ट फ्री' म्हणाला, त्यावर काकूंनी "मग ऑलमोस्ट कशाला?" असं मराठीत विचारून पुतळी अर्ध्या किमतीत आणली. पवित्र सेनोते पाहिला: साठ मीटर रुंद, हिरवट, गूढ. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला त्यातून जेड, सोनं आणि माणसांची हाडं उपसली, असं गाईड म्हणाला. काकूंनी मला कोपऱ्यात घेतलं. "पोहायचं ते यातच नाही ना?"

पहिली ठिणगी पडली ती शून्यावरून. सावलीत बसून गाईडनं वहीत आकडे काढून दाखवले. टिंब म्हणजे एक, आडवी रेघ म्हणजे पाच, आणि हा शिंपला म्हणजे शून्य.

काका ताडकन सरळ झाले. "शून्य आमचं!" याला भाषांतर लागलं नाही.

"तुमचंही असेल," गाईड म्हणाला. "आम्ही तुम्हाला विचारायला आलो नव्हतो. वाटेत समुद्र होता."

मग त्यानं सांगितलं की त्यांची मोजणी दहावर नाही, विसावर चालते. काका जरा निवळले. त्यांची आजी चिकू विसांतच मोजायची. तीन विसा आणि वर सात. हा धागा खरा होता, हातात धरता येण्याजोगा, पण काकांनी त्यावर मयासुराला बसवलं आणि तो तुटला.

जेवण एका आवारातल्या उघड्या पडवीत होतं. काळ्या घेवड्याची उसळ, भात, आणि कोपऱ्यात एक बाई हातावर मक्याच्या टोर्टिया थापत होती. काकू थेट तिच्याकडे गेल्या. दोघींना एकमेकींचा एक शब्द कळत नव्हता. काकूंनी पिठाला बोट लावलं, हुंगलं आणि म्हणाल्या, "चुना?" बाईनं शेजारची टोपली दाखवली. मका चुन्याच्या पाण्यात शिजवून, रात्रभर भिजवून मग दळतात. काकूंनी तिच्या हातातली टोर्टिया घेतली, दोन थापट्यांत तिची कड पातळ केली आणि तव्यावर टाकली. बाई हसली आणि सरकून तिनं जागा करून दिली. पुढची वीस मिनिटं आमच्या तुकडीनं खाल्लेल्या निम्म्या टोर्टिया घोलवडच्या होत्या. कोणी कोणाला काय दिलं, हा प्रश्न त्या तव्यापाशी निघालाच नाही.

इकडे काका केशरी मिरच्यांच्या कोशिंबिरीकडे पाहत होते. "तिखट आहे," गाईड म्हणाला. काकांनी स्मित केलं. लवंगी मिरचीचा ठेचा भाकरीवर माखून खाणाऱ्या माणसाला हे सांगावं? त्यांनी चमचाभर घेतली.

हबानेरो मिरची लगेच बोलत नाही. आधी फळासारखा गोडसर वास येतो, दोन घास निश्चिंत जातात. मग काकांचे कान लाल झाले. मग त्यांनी चष्मा काढला. मग नाकातून धार लागली.

"या कोशिंबिरीचं माया भाषेतलं नाव श्निपेक," गाईडनं सावकाश सांगितलं. "म्हणजे कुत्र्याचं नाक. सारखं ओलं असतं ना."

काका बोलू शकत नव्हते. ती वेळ साधून गाईडनं पुढचंही सांगितलं. मिरची मूळची मेक्सिकोतली. पोर्तुगीज जहाजांतून सोळाव्या शतकात तुमच्याकडे गेली. मका तसाच. टोमॅटो, पेरू, पपई, सीताफळ, सगळी अमेरिकेची लेकरं. मी हे एकेक करून काकांना सांगितलं, आणि या वेळी, कबूल करतो, वजन जराही कमी केलं नाही.

"ठेचा?" काकांनी पाणी पिऊन एवढाच शब्द काढला.

"पोर्तुगीज येण्याआधी मिऱ्यांचा करत असतील," मी म्हणालो.

पण खरा घाव पुढेच होता. पडवीबाहेर एक मोठं डेरेदार झाड होतं. काका पाय मोकळे करायला बाहेर पडले आणि जागच्या जागी थांबले. जन्मभर ज्या पानांखाली वावरले ती पानं त्यांना लांबूनच कळली. त्यांनी साल नखानं खरवडली, चीक बोटांवर घेतला, चोळला. "अहो, हा चिकू!"

"चिको सापोते," गाईड म्हणाला. "आमच्या जंगलातला. माया देवळांच्या दारांवरच्या तुळया याच लाकडाच्या, हजार-बाराशे वर्षं टिकल्यात. खोडाला नागमोडी खाचा पाडून चीक गोळा करायचा, त्याला चिक्ले म्हणतात. त्याचंच च्युइंगगम झालं. स्पॅनिश लोकांनी झाड फिलिपिन्सला नेलं."

"चिक्ले म्हणजे आपला चीकच," काका पुटपुटले, पण त्यात जोर नव्हता. "आणि झाडाला माया लोक काय म्हणतात?"

"या'."

"आलोच!" काका उत्साहानं म्हणाले, आणि क्षणभर त्यांचा चेहरा उजळला. "ऐकलंत? या! शुद्ध मराठी!"

बसमध्ये चढताना गाईडनं डोकी मोजली: हुन, का, ओश, कान, आणि पुढे सिंको, सेइस. चारानंतर स्पॅनिश का, असं काकांनी विचारलं. वरचे आकडे आता कुणी वापरत नाही म्हणाला, पोरांना तर चारही जड जातात. काका एरवी यावर अर्धा तास बोलले असते. त्यांचा ह्यूस्टनचा नातू एकोणसाठ म्हटलं की आईकडे बघतो.

पोहण्याचा सेनोते वायादोलिदच्या जवळ होता. अंगाला लावलेलं सगळं मलम धुवून, लाइफ जॅकेट घालून, ओल्या लाकडी जिन्यानं खाली उतरायचं. वर गोल आभाळ, त्यातून झाडांची मुळं दोरांसारखी लोंबत पाण्यापर्यंत आलेली. पाणी इतकं नितळ की तळाचा दगडनदगड मोजून घ्यावा.

"गुडघाभर आहे," काका म्हणाले, आणि शेवटच्या पायरीवरून ऐटीत पाऊल टाकलं.

तळ दहा मीटर खाली होता. काका दिसेनासे झाले. मग जॅकेटनं त्यांना बुचासारखं वर फेकलं, टोपी एकीकडे, चष्मा दोरीला लोंबतोय.

मयसभेत दुर्योधनाचं नेमकं हेच झालं होतं, हे माझ्या मनात आलं. मी ओठ चावला. पण काठावर काकू होत्या, आणि त्या हसल्या. चांगल्या खळखळून, पिशवी छातीशी धरून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. तो आवाज गुहेत फिरून चारी बाजूंनी परत आला. द्रौपदीचं हसू एवढं घुमलं नसणार. गाईडनं काकांच्या दिशेनं दोर फेकला आणि अत्यंत गंभीरपणे म्हणाला, "चुलतभाऊ, धरा."

परतीच्या वाटेवर काका खिडकीशी बसून राहिले. आवारातून उचललेल्या चिकूच्या दोन काळ्या बिया त्यांच्या तळहातावर होत्या. उलटसुलट करून ते नुसते त्यांची चमक पाहत होते. मला वाईट वाटलं. गिरसप्पा गेला, गोलघुमट गेला तरी चाललं असतं, पण माणसाच्या पायाखालची वाडी काढून घेऊ नये. काकूंना झोप लागली होती. हद्द आली, सकाळी मिळालेला तास परत गेला. त्याबद्दलही ते काही बोलले नाहीत.

कान्कूनचे दिवे दिसू लागले तेव्हा त्यांनी मला कोपरानं ढोसलं.

"जावईबापू, मयासुर इकडे यायला निघाला ना, तेव्हा चिकूचं कलम बरोबर घेऊनच निघाला असणार."

"आणि मिरची?"

काकांनी बिया रुमालात बांधल्या, रुमाल खिशात घातला.

"ती त्यांची."