अंधाराची प्रत

रहस्यपट बघताना प्रत्येक घरात एकजण असा असतोच, ज्याला खुनी रिमोटने शोधायचा असतो. पडद्यावर जरा काळोख झाला, की याचा हात ब्राइटनेसकडे. आमच्याकडे ही जबाबदारी मेव्हण्यांची. हिचकॉकचा ‘सायको’ लावला होता. शॉवरच्या पडद्यामागे सुरी उगारलेली आकृती उभी राहिली आणि मेव्हण्यांनी चित्र इतकं उजळवलं, की बाथरूमच्या टाइल्स डोळ्यांना टोचायला लागल्या. खुन्याचा चेहरा मात्र काळा तो काळाच.

तो दिसणार कसा? पांढऱ्या टाइल्सवरून उजेड परतून ओळख पटेल, म्हणून तिथे उभ्या केलेल्या डमीच्या तोंडाला चक्क काळं फासलं होतं. नॉर्मनचं काम करणारा नायक अँथनी पर्किन्स तेव्हा न्यूयॉर्कला नाटकाच्या तालमीत होता.

१९६०चा हा कृष्णधवल सिनेमा आम्ही पूर्वी झिजलेल्या कॅसेटवर पाहिलेला. तिथे सगळ्यांचीच तोंडं काळवंडलेली, त्यामुळे जुन्या गाड्या विकणाऱ्यावरही आमचा संशय. शेवटी नॉर्मनच्या हसण्यावर निमिषभर कवटी उमटते. मेव्हणे म्हणाले, “हेड खराब झालंय,” आणि कापूस-स्पिरिट घेऊन आले.

साठीला माणसाची नजर अधू होते. ‘सायको’ची मात्र सुधारली. २०२०मध्ये त्याची फोर-के डिस्क आली. आता गुप्तहेर नॉर्मनपुढे मोटेलचं रजिस्टर धरतो, तो प्रसंग बघावा. नॉर्मन मान वाकडी करून वाकतो, कॅमेरा खालून त्याच्या गळ्याशी. तोंडात गोळी चघळणं चालू आहे आणि प्रश्न अडचणीचा आला की कंठमणी वरखाली होतो. हे चघळणं पर्किन्सनेच सुचवलेलं. जीभ अडखळते, चेहरा सभ्य हसतो आणि गळा चुगली करतो. ऑस्करचं नामांकन शॉवरखालच्या जॅनेट लीला मिळालं, छायाचित्रणालाही मिळालं. या गळ्याला नाही.

चांगलं चित्र म्हणजे सगळं लख्ख दिसणं, हा समज टीव्हीच्या दुकानांनी पसरवला आहे. चांगल्या प्रतीत दिग्दर्शकाने दाखवलेलं दिसतं आणि त्याने लपवलेलं तेवढंच लपलेलं राहतं. नटाचंही तसंच. पर्किन्स सगळं उघड करून बसला असता, तर मेव्हण्यांना रिमोट लागलाच नसता.

तेव्हा यंदा दसऱ्याला दुकानदार म्हणाला, “साहेब, अंधारातलंसुद्धा स्पष्ट दिसतं बघा,” तर त्याला सांगावं, मग दुसरा दाखवा.