अंतिम निकाल आणि त्याचे दुरुस्तीकार

भारतात एखाद्या निकालपत्रावर एकदा सही झाली की ते बदलण्यास सर्वांत असमर्थ ठरणारी व्यक्ती म्हणजे ते लिहिणारे न्यायाधीश होत. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश २०, नियम ३ नुसार सही झालेल्या निकालात भर घालता येत नाही की खाडाखोड करता येत नाही. याला अपवाद दोनच आहेत. पहिला कलम १५२ चा, ज्यान्वये लेखनाची किंवा आकडेमोडीची चूक केव्हाही सुधारता येते; दुसरा पुनर्विलोकनाचा, म्हणजे त्याच न्यायालयाने स्वतःचा निकाल पुन्हा तपासण्याचा, ज्यासाठी नव्याने हाती आलेला महत्त्वाचा पुरावा, अभिलेखावर उघड दिसणारी चूक किंवा तत्सम पुरेसे कारण लागते. फौजदारी न्यायालयाला भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ४०३ सहसा लेखनदोषापलीकडे हात लावू देत नाही. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण पक्षकारांनी कधीच मनावर घेतली नाही. कायद्याने मात्र निकाल दिलेल्या न्यायाधीशाला ती सक्तीने लागू केली.

सोलापूर-धुळे महामार्गावरील चौसाळ्यात असली बंधने नाहीत. बीडच्या न्यायालयात लागलेला बांधाच्या दाव्याचा निकाल संध्याकाळपर्यंत गावातील हॉटेलात पोचतो, चहाच्या प्रत्येक फेरीला तेथे नवे खंडपीठ बसते आणि हरलेल्या पक्षाला असा दिलासा मिळतो की निकालात केवळ टायपिंगची चूक आहे: गट नंबर बरोबर, क्षेत्र बरोबर, फक्त वादी आणि प्रतिवादी यांची अदलाबदल झाली आहे. मग कलम १५२ खाली अर्ज पडतो आणि तो टिकला नाही तर पुनर्विलोकनाचा. जी चूक सिद्ध करण्यास लांबलचक युक्तिवाद लागतो ती उघड चूक नव्हे, हे न्यायालयांनी वारंवार सांगितले आहे. परंतु लांबलचक युक्तिवादाची फीदेखील लांबलचक असते, ही गोष्ट अभिलेखावर त्याहून उघड आहे.

थोरामोठ्यांसाठी हे दार क्वचित किलकिले होते. माजी मुख्यमंत्री अंतुले यांच्यावरील खटला सर्वोच्च न्यायालयाने १६ फेब्रुवारी १९८४ रोजी विशेष न्यायाधीशाकडून काढून मुंबई उच्च न्यायालयाकडे सोपवला आणि २९ एप्रिल १९८८ रोजी सात न्यायाधीशांच्या पीठाने, न्यायालयाच्या चुकीची झळ पक्षकाराला बसू नये या तत्त्वावर, बहुमताने तो आदेश रद्द केला. पुढे २००२ च्या रूपा हुर्रा प्रकरणात उपचारात्मक याचिकेचा मार्ग निघाला. पुनर्विलोकन फेटाळले गेल्यानंतर नैसर्गिक न्यायाचा भंग किंवा पक्षपाताची शंका अशा मोजक्या कारणांवर ही याचिका करता येते आणि तिला ज्येष्ठ वकिलाचे प्रमाणपत्र लागते. मराठा आरक्षणाचा २०१८ चा कायदा ५ मे २०२१ रोजी रद्द झाला, राज्याची पुनर्विलोकन याचिका २०२३ मध्ये फेटाळली गेली आणि त्यानंतर उपचारात्मक याचिका आली. या पायऱ्या बीड जिल्ह्याला कायद्याच्या विद्यार्थ्यांपेक्षा अधिक पाठ आहेत. सभेच्या व्यासपीठावरून निकाल फिरवून आणण्याचे आश्वासन देण्यास मात्र कोणाचेही प्रमाणपत्र लागत नाही.

या कडक नियमामागे शहाणपण आहे. निकाल देणाऱ्यालाच तो रोज बदलता आला असता, तर जिंकलेल्या शेतकऱ्याला आयुष्यभर पुन्हा जिंकत बसावे लागले असते. म्हणूनच दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या कामात, न्यायालय हुकूमनाम्याच्या शब्दांपलीकडे जात नाही. एवढा बंदोबस्त झाल्यावर दरखास्तीच्या तारखा पडत राहतात आणि त्या काळात शेजारी दरवर्षी पेरणीआधी ट्रॅक्टरने एकेक तास बांध कोरतो. ज्या हुकूमनाम्यातील एक आकडा हलवण्यास न्यायाधीशाला अर्ज, नोटीस आणि सुनावणी लागते, त्यातील क्षेत्र हा गृहस्थ कोणत्याही कलमाचा आधार न घेता परस्पर दुरुस्त करून टाकतो.