मनोऱ्याला पैसा, माणसाला का नाही?

सीनेला पूर आला की माढा-मोहोळच्या माणसाला एवढंच कळायला हवं असतं: वरून किती पाणी सुटलंय आणि ते आपल्या शिवारात कधी शिरणार? सप्टेंबर २०२५ मध्ये सीनाकाठाने हे भोगलं. पंढरपूरचंही तेच. उजनीतून भीमेत आणि वीरमधून नीरेत किती क्युसेक सोडले, दोन्ही पाणी नरसिंगपूरच्या संगमावर एकत्र आलं की चंद्रभागा किती चढणार, हा तिथल्या घराघराचा प्रश्न असतो. वीज जाते, मोबाइल मान टाकतो. सेलवरचा रेडिओ तेवढा चालू राहतो. पण त्याच्याकडे आपल्या गावाची बातमी हवी ना!

सोलापूरला आकाशवाणीचं केंद्र आहे, प्रादेशिक वृत्तविभाग नाही. राज्यात असे विभाग आहेत ते मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला. त्यातलाही पुण्याचा विभाग जून २०२३ मध्ये बंद करून त्याची बातमीपत्रं संभाजीनगरहून देण्याचा आदेश निघाला होता. सकाळी ७ वाजून १० मिनिटांच्या बातम्यांवर घड्याळ लावणारी माणसं चिडली, ओरड झाली आणि आदेश मागे पडला. श्रोते बोलले म्हणून विभाग वाचला, हे लक्षात ठेवा.

‘रेडिओ ऐकतंय कोण?’ असं विचारणाऱ्यांना एक गोष्ट सांगायला हवी. खासगी एफएमला स्वतःच्या बातम्या द्यायची परवानगीच नाही. आकाशवाणीचं बातमीपत्र जसंच्या तसं लावता येतं, बस्स. रेडिओवरच्या बातमीचा मक्ता सरकारने एकट्या आकाशवाणीकडे ठेवला आहे. मग सोलापूरची बातमी देण्याची जबाबदारीही तिचीच. मक्ता ठेवायचा आणि बातमी द्यायची नाही, हे चालणार नाही.

पैसा नाही म्हणता? जानेवारी २०२३ मध्ये केंद्र सरकारने आकाशवाणी-दूरदर्शनच्या पायाभूत सुविधांसाठी सुमारे २,५३९ कोटींची योजना मंजूर केली. त्याच वर्षी २८ एप्रिलला शंभर-शंभर वॅटच्या ९१ एफएम प्रक्षेपकांचं एकाच दिवशी उद्‌घाटन झालं. चांगलं झालं. लहर पोचली पाहिजेच. पण त्या लहरीवर बोलायला माणूस कुठाय? कायम कर्मचारी निवृत्त होत गेले, जागा रिकाम्या राहिल्या. आता देशभर केंद्रं चालवतात ते नैमित्तिक उद्घोषक, आणि त्यांना महिन्याला सहापेक्षा जास्त ड्युट्या मिळत नाहीत. सहा दिवसांच्या मानधनावर कुणाचं घर चालतं? वर्षानुवर्षं आवाज देणाऱ्या माणसाला असं टांगतं ठेवणं हा अन्याय आहे.

एक काळ असा होता की रेडिओ घरात ठेवायला पोस्टात वर्षाची फी भरून परवाना घ्यावा लागे. १९८५ मध्ये ती कटकट गेली, तेही बरं झालं. पण त्या फीबरोबर श्रोत्याचा हक्कही गेला. आता पैसा आपल्याच करातून जातो, पण दिल्लीतल्या मंत्रालयाच्या हातून आणि दरवर्षीच्या अंदाजपत्रकातून. ज्याच्या हातून पैसा येतो त्याच्याच तोंडाकडे आकाशवाणीचं केंद्र बघतं. सोलापूरकडे कशाला बघेल?

आकाशवाणी-दूरदर्शन चालवणाऱ्या प्रसार भारतीला मिळणारं वार्षिक अनुदान अडीच हजार कोटींच्या आसपास असतं. माणशी हिशोब काढा: वर्षाला अठरा रुपये. जर्मनीत प्रत्येक घर महिन्याला १८ युरो ३६ सेंट देतं. आपण तेवढे द्यावेत असं मी म्हणत नाही. तिथली पद्धत बघा. रक्कम किती हवी ते स्वतंत्र आयोग सुचवतो. एका राज्याने ८६ सेंटची वाढ अडवली, तेव्हा २०२१ मध्ये घटनात्मक न्यायालयाने ती लागू करून दाखवली. प्रसारणाचा पैसा राजकारण्यांच्या मर्जीवर सोडायचा नाही, हा त्यामागचा विचार. आपल्याला घ्यायचा आहे तो हाच.

आणि हा विचार आपल्याला परका नाही. प्रसारणलहरी ही जनतेची मालमत्ता आहे, त्या जनहितासाठी स्वायत्त यंत्रणेकडे असाव्यात, असं सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी १९९५ मध्ये सांगितलं. तो निकाल लिहिणारे न्या. पी. बी. सावंत आपल्याच महाराष्ट्राचे. प्रसार भारतीचा कायदा १९९० चा, पण तो अमलात यायला १९९७ उजाडलं. सत्तेवर कुणीही असो, लगाम सोडायची घाई कुणालाच नव्हती. आजही नाही.

म्हणून सोलापूरकरांनी नेमकं मागावं. अनुदानाची रक्कम पाच वर्षांसाठी एकदाच कायद्याने ठरू द्या आणि त्यातला ठरलेला वाटा जिल्ह्याच्या केंद्रातच राहू द्या. रिकाम्या जागा भरा. सोलापूरचं रोजचं बातमीपत्र सोलापुरातूनच निघू द्या. त्यात धरणांचा विसर्ग असेल, मार्केट यार्डातला कांद्याचा भाव असेल आणि शहराला पाणी किती दिवसांनी सुटणार हेही असेल. हे मराठीत तर हवंच. पण पूर्वभागातल्या विणकराच्या घरात तेलुगू बोलतात, अक्कलकोटला कन्नड, शहरात उर्दूही. त्यांनाही त्यांच्या भाषेत पाच मिनिटं द्या. ‘बहुजन हिताय, बहुजन सुखाय’ हे आकाशवाणीचं ब्रीद आहे. सोलापुरात बहुजन चार भाषांत बोलतो.

आणि हे मागायचं कुणाकडे? आपल्या खासदारांकडे. प्रसार भारतीवर लक्ष ठेवायला २२ खासदारांची संसदीय समिती असावी, असं कायद्याचं तेरावं कलम सांगतं. सोलापूर आणि माढ्याच्या खासदारांनी संसदेत एकच प्रश्न विचारावा: ती समिती कुठे आहे? उत्तर मिळेपर्यंत त्यांनी गप्प बसू नये, आणि आपण त्यांना बसू देऊ नये.