पुकारा झाला, तुम्ही कुठं होता?

पुनावळ्याच्या भुयारी मार्गात सकाळी दहाला डंपरमागे गाडी अडकली की आयटीवाला लॅपटॉप उघडतो. दिवाणी दाव्यातला वादी वकिलाला फोन लावतो. वकीलसाहेब उचलत नाहीत, कारण ते त्याच वेळी दुसऱ्या कोर्टात दुसऱ्या कुणासाठी मुदत मागत असतात. तिकडे शिवाजीनगरला शिपाई पुन्हा एकदा नाव पुकारतो आणि दावा गैरहजेरीत काढून टाकला जातो.

दिवाणी प्रक्रिया संहितेतला नववा आदेश हा शाळेच्या हजेरीपटाचा थोरला भाऊ. वादी-प्रतिवादी दोघेही गैरहजर असतील तर दावा फेटाळता येतो, पण कायद्याची मुदत शिल्लक असेल तर वादी नवा दावा लावू शकतो. प्रतिवादी मात्र वेळेवर येऊन बसला आणि दावा कबूल नाही म्हणाला, तर त्याच कारणासाठी नवा दावा बंद. मग ३० दिवसांत अर्ज करायचा आणि न येण्याचं ‘पुरेसं कारण’ पटवायचं. म्हणजे प्रतिवादीही तुमच्याच डंपरमागे अडकला असेल तर तुमचं नशीब. शहाण्या वादीनं तारखेला प्रतिवादीला आपल्याच गाडीत घालून न्यावं. पेट्रोलही निम्मं.

बाकीच्यांच्या गैरहजेरीला एवढी धार नाही. समन्स बजावून परत आलं नाही, तारीख. साहेब रजेवर, तारीख. समोरचे वकील हायकोर्टात, तारीख. एका पक्षाला तीनपेक्षा जास्त तहकुब्या देऊ नयेत, असं त्याच संहितेत लिहिलंय. छपाईची चूक नाही, खरंच लिहिलंय.

चाकणच्या छोट्या वर्कशॉपवाल्याचं दुखणं याहून मोठं. बिलाचा चेक वटला नाही म्हणून तो फिर्याद करतो, तारखांना शिफ्ट सोडून जाता येत नाही, आणि आरोपी चक्क निर्दोष सुटू शकतो. पैसे बुडाले ते बुडाले, वर समोरच्याला चारित्र्याचा दाखला.

वकील आला नाही याची शिक्षा बिचाऱ्या पक्षकाराला कशाला, असं सर्वोच्च न्यायालयानं १९८१ मध्येच विचारलं होतं. खर्चाचे २०० रुपयेही गैरहजर वकिलाकडूनच वसूल करायला लावले. ही पद्धत रोजची झाली असती तर बार रूममधला चहा महागला असता.

पण सगळेच वादी ट्रॅफिकमध्ये अडकत नाहीत. पुनावळे १९९७ मध्ये महापालिकेत आलं आणि पुढं शेतात टॉवर उगवले. अशा जमिनीवर हिश्शाचा दावा लावायचा, दावा चालू असल्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवायची, की बिल्डर आपणहून चहाला बोलावतो. चहा गोड निघाला की वादी पुढच्या तारखेला फिरकत नाही. तडजोडीचा कागद नको, सही नको, कोर्टच दावा काढून टाकतं. रोजनाम्यात दोघांसाठी वाक्य एकच: वादी व त्यांचे वकील गैरहजर. भुयारी मार्गातला वादी मग दावा पुन्हा चालू करण्याचा अर्ज टाइप करायला टाकतो. दुसरा त्याच टॉवरमधल्या आपल्या दोन फ्लॅटना भाडेकरू शोधतो.