मेडन टाकणारा माणूस

शिरूर-दौंडकडच्या टेनिस बॉलच्या स्पर्धांत बोलरला कुणी विचारत नाही. माइकवाला आपला घसा षटकारांसाठी राखून ठेवतो. बोलरचं नाव पुकारलं जातं ते चेंडू उसात गेल्यावर.

अशा बोलरला बापू नाडकर्णींची गोष्ट सांगितली, तर तो आधी थट्टा समजेल. बापू मूळचे नाशिकचे, महाराष्ट्राच्या संघातून पुढे आलेले डावखुरे फिरकीवाले. नेटमध्ये टप्प्याच्या जागी नाणं ठेवायचं आणि चेंडू नेमका त्यावर पाडायचा, हा त्यांचा सराव. नाणं कुठं ठेवायचं, यातच सगळी कला. तिथं चेंडू पडला की पुढं जाऊन खेळावं तर तो पोचत नाही, मागं सरावं तर अंगावर येतो. बॅट्समन मग बॅट आडवी करायचं विसरतो आणि पॅड पुढं करून उभा राहतो.

जानेवारी १९६४ मध्ये मद्रासला इंग्लंडचे ब्रायन बोलस आणि केन बॅरिंग्टन असेच उभे राहिले. बापूंची ओळीनं २१ षटकं निर्धाव गेली. आगेमागचे धरून १३१ चेंडू, ११४ मिनिटं, धाव एकही नाही. पुण्याहून सुटलेली पॅसेंजर तेवढ्यात रमतगमत दौंडला टेकावी. डावाअखेर हिशेब निघाला: ३२ षटकं, २७ निर्धाव, ५ धावा, बळी शून्य. त्या पाच धावा दिल्याबद्दल बापूंनाच चुटपुट लागली असावी.

बापूंच्या आधी भारताकडून खेळलेल्या सदू शिंद्यांचा स्वभाव अगदी उलटा. त्यांचा लेगस्पिन आणि गुगलीचा धंदा उधारीचा: धावा गेल्या तर जाऊ द्यात, माणूस बाद झाला पाहिजे. १९५१ मध्ये दिल्ली कसोटीत इंग्लंडचे सहा जण त्यांनी ९१ धावांत गुंडाळले. दुसऱ्या डावात त्यांच्या गोलंदाजीवर झेल सुटले आणि सामना अनिर्णित राहिला. क्षेत्ररक्षकांचं हे औदार्य गावोगावच्या बोलरना तोंडपाठ आहे. १९५५ मध्ये, अवघ्या ३१ व्या वर्षी शिंदे गेले.

पुढं त्यांची मुलगी प्रतिभाताई बारामतीच्या पवारांकडे सून म्हणून आली. म्हणजे दौंडला गाडी बदलून जायचं ते गाव. जावईबापू शरदराव क्रिकेट बोर्डाचे आणि नंतर आयसीसीचेही अध्यक्ष झाले. सासऱ्यांच्या गुगलीचा दाखला त्यांनी २०२३ मध्ये जाहीरपणे दिला, अर्थात राजकारणापुरता. तिथं झेल कोण सोडतं, याचा धावफलक अजून कुणी लावलेला नाही.